संवाद लिहिता लिहिता स्वतःचा सिनेमा करायचा तर

प्रश्न थोडक्यात असा आलाय. विचारणारे भाऊ परभणीचे, चार-पाच वर्षांपासून मुंबईत मालिकांचे संवाद लिहितात. फीचरची, म्हणजे पूर्ण लांबीच्या सिनेमाची, एक स्क्रिप्ट तयार आहे आणि ती स्वतःच डिरेक्ट करायचीये. फिल्म इन्स्टिट्यूट केलेलं नाही, कुणाकडं असिस्टंटही नव्हते. दोन प्रोड्युसर भेटले, दोघांना स्क्रिप्ट आवडली, पण दोघंही म्हणले स्क्रिप्ट द्या, डिरेक्टर आम्ही आणतो. तर द्यावी का, आधी असिस्टंट व्हावं का, आणि आपल्या मराठवाड्यात शूट करून हे जमतं का.

पहिल्याचं उत्तर सरळ आहे, ती देऊ नका, दुसरी लिहून द्या. नवीन डिरेक्टरकडं प्रोड्युसरला हवी अशी वस्तू एकच असते, ती म्हणजे स्क्रिप्ट. नाव नाही, आधीचा सिनेमा नाही, मागं कुणी हिरो उभा नाही. ती स्क्रिप्ट हातातून गेली की तुम्ही परत संवादलेखक, आणि "पुढचा सिनेमा तुम्हीच करायचा" हे जे चहा पाजून सांगतात ते करारात कधीच नसतं. विकायला स्क्रिप्टा लिहा, खुशाल लिहा, त्यावर घर चालतं आणि इंडस्ट्रीत नावही होतं. फक्त एक बाजूला ठेवा आणि तिच्यावर बोलणी करताना पहिल्याच मीटिंगला सांगून टाका की ही मी डिरेक्ट करणार, नाहीतर ही नाही, माझ्याकडं दुसरी आहे ती ऐका. लोक उठून जातात का तर जातात बऱ्याचदा, पण सहा महिने फिरवून मग उठून जाण्यापेक्षा ते बरं.

आता बाजूला कोणती ठेवायची, इथं लेखक लोक गडबड करतात. सगळे आपली सगळ्यात चांगली, सगळ्यात मोठी स्क्रिप्ट जपून ठेवतात. मी म्हणतो सगळ्यात आटोपशीर आहे ती ठेवा. आपल्याकडच्या प्रत्येक लेखकाच्या कपाटात मराठवाडा मुक्तिसंग्रामावरची एक स्क्रिप्ट असतेच, निजाम, रझाकार, 17 सप्टेंबर 1948, रेल्वे, घोडे, बंदुका, शेवटी तिरंगा. विषय मोठाच आहे, मला कमी लेखायचं नाही, पण तो पहिला सिनेमा नाही. त्यात प्रत्येक फ्रेममधून विजेचा खांब, मोबाईल टॉवर आणि पत्र्याचं शेड काढायलाच पैसे जातात. पहिला सिनेमा असा पाहिजे की प्रोड्युसर मधेच पळाला तरी उरलेला भाग तुम्ही ओढून नेऊ शकाल.

आटोपशीर म्हणजे गोष्ट लहान असं नाही. दिवसाचे सीन जास्त आणि रात्रीचे कमी, कारण बाहेर रात्र शूट करायची म्हणजे लाइट, जनरेटर, लाइटदादा आणि दुसऱ्या दिवशीची अर्धी शिफ्ट झोपेत. लोकेशनं एकमेकांपासून मोटरसायकलवर जाता येतील एवढ्या अंतरात. मालिका लिहिणाऱ्याला हे खरं तर आधीच येतं, कलाकाराची डेट नाही म्हणून तुम्ही रातोरात सीन बदलून दिलेलेच आहेत, एकाच दिवाणखान्यात महिनाभराचा ट्रॅक खेळवलेला आहे. ती शिस्त फार कामाची आहे, सिनेमावाले लोक मालिकेला नाकं मुरडतात त्यांना ती येत नाही. उलट मालिकेची सवय नडते ती वेगळीकडं, त्यावर पुढं येतो.

आधी कागदपत्रं उरकून घेऊ, कंटाळवाणं आहे पण इथंच लोक बुडतात. स्क्रिप्ट कुणाला पाठवायच्या आधी स्क्रीनरायटर्स असोसिएशनला, म्हणजे अंधेरीच्या एसडब्ल्यूएला रजिस्टर करा, ऑनलाइन होतं. त्यानं कॉपीराइट मिळत नाही, तो लिहिल्याबरोबर तुमचाच असतो, पण अमुक तारखेला हे माझ्याकडं होतं याचा पुरावा राहतो. आणि संरक्षण लिहिलेल्या मजकुराला असतं, कल्पनेला नाही, त्यामुळं कॅफेत बसून तोंडी गोष्ट ऐकवून यायची सवय सोडा. दुसऱ्या कुणाच्या कथेवरून लिहिलं असेल तर लेखकाची लेखी परवानगी पाहिजे, लेखक वारले असतील तर वारसांची, मृत्यूनंतर 60 वर्षं हक्क चालू असतात. "त्यांचा मुलगा ओळखीचा आहे, काही म्हणणार नाही" हे सिनेमा होईपर्यंत खरं असतं, ट्रेलर आला की त्याला वकील सापडतो.

करार करताना कथा, पटकथा, संवाद ही तीन क्रेडिटं वेगळी लिहून घ्या, हक्क कायमचे न देता ठरावीक मुदतीसाठी द्या, त्या मुदतीत शूट सुरू झालं नाही तर स्क्रिप्ट परत तुमची हे लिहून घ्या, आणि दिग्दर्शक म्हणून तुमचं नाव त्याच करारात पाहिजे, वेगळ्या पत्रावर नको. 2012 च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर थिएटर सोडून इतर ठिकाणी सिनेमा वापरला गेला की रॉयल्टीतला लेखकाचा वाटा असतो आणि तो वारस किंवा कॉपीराइट सोसायटी सोडून कुणाला देऊन टाकता येत नाही, तरी "सर्व हक्क सर्व काळासाठी" छाप करार सर्रास पुढं ठेवतात. सही करण्याआधी एखाद्या वकिलाला पैसे देऊन वाचून घ्या, नातेवाईक वकील नको, त्याला खरेदीखत कळतं, हे नाही.

आता असिस्टंट व्हायचं का. पस्तिशीच्या आसपास असाल तर वर्षानुवर्षं कुणामागं क्लॅप घेऊन फिरायची गरज नाही असं माझं मत. पण एक फीचर पूर्ण, रेकीपासून, म्हणजे लोकेशन बघण्यापासून, पॅकअपपर्यंत करा, आणि जमलं तर कंटिन्युइटीला, म्हणजे शॉटला शॉट जुळतोय का याची नोंद ठेवायला, बसा. लेखकाला सेटवरची ही सगळ्यात जवळची जागा. प्रत्येक शॉट कुठून सुरू झाला कुठं तुटला, नटानं वाक्य बदललं का, कप कुठल्या हातात होता, हे लिहिता लिहिता आपोआप समजायला लागतं की पानावरचा एक सीन किती तुकड्यांत शूट होतो आणि त्यातले किती तुकडे कुणीच वापरणार नाही. दिवसाला दीड-दोन पानं निघाली तरी टीम खूश असते हेही तिथंच कळतं, मालिकेत तुम्ही एका दिवसात एपिसोड निघताना बघितलेला असतो, त्यामुळं तुमचा अंदाज साफ वेगळा असतो.

त्याहून महत्त्वाचं एडिटवर बसणं. लेखकाला दिग्दर्शन सेटवर कमी आणि एडिट टेबलावर जास्त समजतं, यावर माझ्याशी भांडणारे बरेच आहेत पण मी मत बदललेलं नाही. तुम्ही ज्या मालिकेचे संवाद लिहिता तिच्या एडिटरशी ओळख काढा, रात्री जाऊन मागं बसा, तुमचं कोणतं वाक्य तो उडवतो आणि का उडवतो ते बघा. तो तुमच्यावर सूड उगवत नसतो, त्याला नटाचा चेहरा आधीच सांगून मोकळा झालेला दिसतो.

मालिकेची नडणारी सवय म्हणतो ती हीच. तिथं प्रेक्षक पोळ्या लाटता लाटता ऐकत असतो म्हणून प्रत्येक गोष्ट बोलून सांगायची, परत सांगायची, धक्का बसला की प्रत्येकाचा क्लोजअप, आणि सीन संपताना हूक, म्हणजे पुढं काय होणार ही ओढ. ती त्या माध्यमाची गरज आहे, वाईट काही नाही. पण फीचरची स्क्रिप्ट तशीच लिहून आली की अवघड होतं.

एक उदाहरण देतो. आमच्या एका शॉर्टफिल्ममध्ये लातूरच्या आडतीतला सीन होता. बाप सोयाबीन घेऊन येतो, पोराची फी भरायचीये, मुनीम मूठभर दाणे मॉइश्चरच्या मशीनमध्ये टाकतो आणि ओलावा जास्त निघतो. खरेदी केंद्रावर हमीभावाला 12 टक्क्यांची मर्यादा असते, त्याच्या वर गेलं की घेत नाहीत, आणि आडतीत भाव पडतो, हे आपल्याकडं शेंबड्या पोरालाही माहीत आहे. पानावर बाप मुनिमाला विनवायचा, पोरगा चिडायचा, "दरवर्षी हेच" असं काहीतरी म्हणायचा, पानभर संवाद होते आणि वाचनात लोकांना आवडलेही होते. शूटच्या आदल्या संध्याकाळी आम्ही रिकाम्या आडतीत नुसतं करून बघितलं. बापाचं काम करणारा आमचा नट मूळचा शेतकरीच, राज्य नाट्य स्पर्धेत कामं केलेला. त्यानं मुनिमाचं "अठरा" ऐकलं, काही न बोलता कट्टा, म्हणजे पोतं, ओढत उन्हात नेला, सोडला आणि सोयाबीन फरशीवर हातानं पसरायला लागला, वाळायला. संपलं. आता तो विनवणार कुठं? वाळेपर्यंत थांबायचं एवढंच त्याच्या हातात आहे आणि पोराची फीची तारीख तर थांबत नाही. सगळे संवाद काढले, एक "अठरा" ठेवला. पोरगा आधी सावलीत उभा राहून मोबाईल बघतो, मग पँट वर ओढून बापाशेजारी बसतो आणि तोही पसरायला लागतो.

गंमत पुढं एडिटला झाली. आम्ही "अठरा" नंतर बापाचा चेहरा घेतला होता, चांगला घेतला होता, नटानं डोळ्यांत छान आणलं होतं. एडिटरनं तो ठेवून दाखवला, मग काढून दाखवला. चेहरा काढला आणि मशीनवरच्या आकड्यावरून थेट हातावर, दाणे पसरणाऱ्या हातावर गेलो तर सीन दुप्पट लागला. चेहरा बघितला की प्रेक्षक "बिचारा" म्हणून मोकळा होतो, हात बघितला की हिशोब करायला लागतो. तुम्ही लेखक आहात, शब्दांचा मोह मी समजू शकतो, पण स्क्रिप्ट डिरेक्टर म्हणून पुन्हा लिहायची म्हणजे बहुतेक वेळा हेच करायचं, माणसाला करायला काम द्यायचं आणि मग कोणतं वाक्य अजून लागतंय ते बघायचं.

आवाजाचंही तिथंच शिकलो. सकाळी सौदे चालू असताना आडतीत सिंक साउंड, म्हणजे शॉटबरोबरच आवाज, घेणं अशक्य, हमाल, टेम्पो, बोली, सगळा कालवा. म्हणून सौद्याच्या वेळचा आवाज रेकॉर्डिस्टनं एकट्यानं जाऊन भरून आणला, आणि सीन दुपारी बाजार शांत झाल्यावर केला. पहिल्या सिनेमात कॅमेऱ्यावर उधळून साउंडवर काटकसर करणारे खूप बघितलेत, उलटं करा. जरा कमी भारी कॅमेऱ्यावरचा सिनेमा लोक बघतात, ऐकू न येणारा नाही बघत.

म्हणजे फीचरच्या आधी शॉर्टफिल्म करा, पण फीचरचा ट्रेलर म्हणून नको, स्वतंत्र गोष्ट करा. फीचरच्याच जगातली, त्याच भागातली, शक्य असेल तर त्याच डीओपीबरोबर, म्हणजे कॅमेरामनबरोबर. प्रोड्युसरला आणि स्क्रिप्ट लॅबवाल्यांना (लॅबचं पुढं येतं) त्यातून एकच गोष्ट बघायची असते, हा माणूस लिहितो ते याला दिसतं का. नागराज मंजुळे आधी कवी, "पिस्तुल्या" ही शॉर्टफिल्म केली, तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि मग "फँड्री". रस्ता नवा नाही. शॉर्टफिल्म झाली की लगेच यूट्यूबवर टाकू नका, बऱ्याच फेस्टिव्हलांना आधी ऑनलाइन आलेली चालत नाही, वर्षभर फिरवा मग टाका. राष्ट्रीय पुरस्काराला पाठवायची असेल तर सेन्सॉर सर्टिफिकेट लागतं आणि ते त्या त्या कॅलेंडर वर्षातलं लागतं, 31 डिसेंबरच्या तोंडावर धावपळ करणारे दरवर्षी दिसतात.

पैशाचं. प्रोड्युसर म्हणजे अंधेरीत ऑफिस असलेला माणूस हे डोक्यातून काढा. चैतन्य ताम्हाणेच्या "कोर्ट"चा निर्माता विवेक गोंबर हा आधी त्याच्याच नाटकात काम केलेला नट होता. तुमच्याबरोबर काम करून ज्याला तुमची खात्री पटलीये असा माणूस शोधा, तो नट असेल, शूटचा रोजचा खर्च आणि व्यवस्था बघणारा एखादा मालिकेचा लाइन प्रोड्युसर असेल, संभाजीनगरचा एखादा उद्योजक मित्र असेल ज्याला नाटकाचं वेड आहे. "कोर्ट"ला स्क्रिप्टच्या टप्प्यावर रॉटरडॅम फेस्टिव्हलच्या ह्युबर्ट बाल्स फंडाची मदत झाली होती. आपल्याकडं एनएफडीसीचा, म्हणजे केंद्र सरकारच्या चित्रपट विकास महामंडळाचा, फिल्म बाजार आहे, 2007 पासून नोव्हेंबरात गोव्याला इफ्फी फेस्टिव्हलच्या वेळेस भरतो, आता वेव्हज फिल्म बाजार म्हणतात. तिथली स्क्रीनरायटर्स लॅब तर तुमच्यासारख्यासाठीच आहे, स्क्रिप्ट घेऊन जायचं आणि मेंटरबरोबर बसून पुन्हा लिहायची. सहनिर्माते शोधायचं को-प्रॉडक्शन मार्केट वेगळं, आणि सिनेमा कापून कच्चा तयार झाला की वर्क इन प्रोग्रेस लॅब वेगळी. निवड नाही झाली तरी सिनॉप्सिस, ट्रीटमेंट (गोष्ट पडद्यावर कशी उलगडेल ते), डिरेक्टरचं टिपण, बजेट हे सगळं एकदा नीट इंग्रजीत तयार होतं, ते पुढं दहा ठिकाणी चालतं. इंग्रजीची लाज वाटत असेल तर मित्राकडून तपासून घ्या, त्यात काय एवढं, गोष्ट तुमची आहे.

रोहन कानवडेचंही बघा, फिल्म स्कूल नाही, आधी शॉर्टफिल्मा केल्या, मग लॅब आणि मार्केटांमधून जात जात "साबर बोंडं" उभा केला आणि 2025 ला अमेरिकेतल्या सनडान्स फेस्टिव्हलला वर्ल्ड सिनेमा ड्रॅमॅटिकचं ग्रँड ज्युरी प्राइझ आणलं. मराठीत, गावातल्या गोष्टीला.

सरकारी अनुदानाबद्दल फार गैरसमज आहेत. महाराष्ट्र शासन मराठी सिनेमाला दर्जा ठरवून अनुदान देतं, "अ" दर्जाला 40 लाख आणि "ब"ला 30 लाख असा हिशोब कित्येक वर्षं लोकांच्या तोंडी आहे, अर्ज करताना ताजा जीआर बघून घ्या कारण अटी बदलत राहतात. पण ते सिनेमा पूर्ण झाल्यावर, परीक्षण होऊन मिळतं. त्याच्या भरवशावर व्याजानं पैसे काढून शूट करणं म्हणजे दुबार पेरणीची तयारी. आणि जमीन विकून सिनेमा केल्याची गोष्ट आपल्याकडं फार कौतुकानं सांगतात, मला ती ऐकवत नाही. ज्यांचं जमलं त्यांची मुलाखत छापून येते, ज्यांचं नाही जमलं ते गावात तोंड लपवून फिरतात, मी अशी माणसं ओळखतो. जमिनीला हात लावू नका. सिनेमा अर्ध्या बजेटचा लिहा.

आता मराठवाड्यात शूट. जमतं, आणि परवडतं, फक्त शेड्यूल पिकाकडं बघून करा, डेटकडं बघून नाही. सोयाबीनचं हिरवं शिवार पाहिजे असेल तर सप्टेंबरच्या आत उरका, ऑक्टोबरात काढणी लागली की तेच रान काळं दिसतं आणि तुमची कंटिन्युइटी गेली. उभी ज्वारी पाहिजे तर जानेवारी. बीड जिल्ह्यात गावच्या गर्दीचे सीन दिवाळीनंतर ठेवू नका, केज, धारूर, वडवणी, शिरूर कासार इकडं अर्धं गाव ऊसतोडीला गेलेलं असतं, घरी म्हातारी माणसं आणि लेकरं. अर्थात तुमच्या गोष्टीला तसंच रिकामं गाव लागत असेल तर ते आर्ट डायरेक्टर उभं करू शकणार नाही एवढं खरं मिळतं. एप्रिल-मेत सकाळी दहापर्यंत आणि मग चारनंतर, मधल्या वेळेत युनिटला सावलीत झोपवा, बेचाळीस-त्रेचाळीस डिग्रीत माणसं पडतात आणि कॅमेराही बंद पडतो. आणि दुष्काळी गावात पावसाचा सीन टँकर मागवून करू नका, पैशाचं राहू द्या, गावात शोभत नाही.

नट इथलेच घ्या. संभाजीनगरला विद्यापीठाचा नाट्यशास्त्र विभाग आहे, चंद्रकांत कुलकर्णी, प्रशांत दळवी याच शहरातून "जिगीषा" ही नाट्यसंस्था घेऊन मुंबईला गेले, नांदेड-परभणीला राज्य नाट्यची माणसं वर्षानुवर्षं कामं करायलेत, युवक महोत्सवातून दरवर्षी पोरं येतात. पुण्याहून आणलेला नट "काहून" म्हणतो तेव्हा परभणीचं थिएटर हसतं. फक्त नाटकातल्या लोकांना आधी कॅमेऱ्यासमोर बसवा, मोबाईलवर शूट करून त्यांचं त्यांना दाखवा, आवाज आपोआप खाली येतो. कॅमेरा, लेन्स, फोकस पुलर मात्र पुण्या-मुंबईहून येणार आणि त्यांचा येण्याजाण्याचा दिवसही बिलात धरतात, म्हणून दोन छोट्या शेड्यूलपेक्षा एक सलग करा.

परवानग्यांत गाव म्हणजे सरपंच, ग्रामसेवक, पोलीस स्टेशनला पत्र, एवढ्यावर बहुतेक भागतं. देवगिरी, वेरूळ, बीबी का मकबरा असलं काही असेल तर पुरातत्त्व खात्याची रीतसर परवानगी आणि फी, "दोन शॉट गुपचूप" हा विचार सोडा. सिनेमाचं टायटल कोल्हापूरच्या चित्रपट महामंडळाकडं वेळेत नोंदवा. आणि बैल, शेळी, कोंबडी काहीही फ्रेममध्ये असेल, आपल्या गोष्टीत असतंच, तर शूटच्या आधी अ‍ॅनिमल वेल्फेअर बोर्डाची परवानगी घ्या, जनावराच्या डॉक्टरचं सर्टिफिकेट लागतं. मागून बैल नुसता गेला तरी सेन्सॉरला ते पत्र मागतात, आणि शूट झाल्यावर जुन्या तारखेनं ते मिळत नाही.

मालिका सोडायची का हे तुम्ही विचारलं नाही पण पुढचा प्रश्न तोच असणार. आत्ता नका सोडू. पेमेंट तीन-तीन महिने मागं असतं हे तुम्हाला माहीतच आहे, त्यामुळं ज्या महिन्यात लिहिणं थांबवाल त्याच्या पुढं काही महिने तरी जुने चेक येत राहतात, प्री-प्रॉडक्शन त्या काळात बसवा.